उली होनेस : बायर्नचा कर्ताधर्ता, तुरुंगवास आणि पुन्हा अध्यक्षपद

रविवारचा_सामना

इथे फुटबॉलवरचे धागे बहुतेक मेस्सी-रोनाल्डोचे असतात, नाहीतर अमुक गोल ऑफसाइड होता की नव्हता याचे. क्लब चालवणाऱ्या माणसांवर फारसं कुणी लिहीत नाही. म्हणून हा धागा जर्मनीतल्या बायर्न म्युनिक क्लबच्या उली होनेसवर.

थोडक्यात ओळख करून देतो. जन्म ५ जानेवारी १९५२, उल्म शहरात, वडिलांचं खाटकाचं दुकान. १९७० मध्ये बायर्नमध्ये आला. १९७२ चा युरो (युरोपीय देशांची स्पर्धा) आणि १९७४ चा विश्वचषक जिंकणाऱ्या पश्चिम जर्मनीच्या संघात होता, बायर्नकडून १९७४ ते १९७६ सलग तीन युरोपियन कप. मग गुडघ्याने दगा दिला आणि सत्ताविसाव्या वर्षी खेळ संपला. त्याच वर्षी, १ मे १९७९ ला, बायर्नने त्याला मॅनेजर नेमलं, म्हणजे प्रशिक्षक नव्हे, क्लबचा कारभार बघणारा. क्लबची वर्षाची उलाढाल तेव्हा १ कोटी २० लाख मार्कांच्या आसपास आणि कर्ज साधारण ७० लाख मार्क. पुढची तीस वर्षं तो त्या खुर्चीत होता. २००९ मध्ये अध्यक्ष झाला. आज बायर्न जे काही आहे त्यात या माणसाइतका वाटा दुसऱ्या कुणाचाच नाही, असं मी ठामपणे म्हणेन.

आता प्रश्न. मार्च २०१४ मध्ये करचुकवेगिरीसाठी त्याला साडेतीन वर्षांची शिक्षा झाली. फेब्रुवारी २०१६ च्या अखेरीस तो सुटला आणि नोव्हेंबरमध्ये सभासदांनी ९७ टक्क्यांहून जास्त मतांनी त्यालाच पुन्हा अध्यक्ष केलं. हे योग्य झालं का? माझ्या मते नाही. उपकार कितीही मोठे असोत, सार्वजनिक पदाला काही किमान अट असायला हवी. तुम्हाला काय वाटतं?

ताराबाईपार्क

सत्ताविसाव्या वर्षी मॅनेजर? काल ज्यांच्याबरोबर ड्रेसिंग रूममध्ये बसला, आज त्यांच्याच पगाराच्या वाटाघाटी करायच्या? लई अवघड काम. आमच्या कोल्हापुरात असं झालं असतं तर पहिल्याच आठवड्यात पोरांनी त्याला चहाच्या टपरीवर घेरलं असतं.

जुनी_रीळं

खेळाडू म्हणून त्याच्याबद्दल दोन गोष्टी सांगितल्याशिवाय पुढे जाऊ नका.

१९७४ ची अंतिम लढत, म्युनिकचं ऑलिंपिक स्टेडियम, ७ जुलै. हॉलंडने सुरुवात केली, चेंडू फिरत फिरत क्रायफकडे आला, तो सुसाट आत घुसला आणि होनेसने त्याला पाडलं. पहिल्याच मिनिटात पेनल्टी! जर्मनांचा पाय अजून चेंडूला लागलाही नव्हता. पेनल्टी देणारे इंग्लिश पंच जॅक टेलर पेशाने खाटीक होते. खाटकाच्या पोराला खाटकानेच पकडलं!

दुसरी १९७६ च्या युरोची. बेलग्रेडला चेकोस्लोव्हाकियाविरुद्ध शूटआउट. होनेसने मारलेला चेंडू बारवरून आभाळात गेला, आणि लगेच पुढची पेनल्टी पानेन्काने घेतली, तीच ती, गोलकीपर झेपावल्यावर मधोमध अलगद उचलून टाकलेली. आज पानेन्काचं नाव त्या फटक्यालाच पडलंय. त्याच्या आधी चुकवणारा कोण होता हे मात्र लोक विसरले.

सांगायचा मुद्दा, मैदानावरच्या सगळ्यात वाईट दोन क्षणांतून हा माणूस गेला होता. नंतर चुकलेल्या खेळाडूंना त्याने जे सांभाळून घेतलं, त्याचं मूळ मला इथे दिसतं.

म्युनिककर_अनघा

मी गेली बरीच वर्षं इथे राहते आणि बायर्नची सभासद आहे, त्यामुळे जरा सविस्तर लिहिते.

होनेस आला तेव्हा जर्मन क्लबांचा गल्ला म्हणजे तिकीटविक्री. पाऊस पडला, प्रेक्षक आले नाहीत, की पगाराची पंचाईत. त्याने हे सगळ्यात आधी ओळखलं. मॅनेजर होण्याच्या आधीच त्याने उल्मच्या मागिरुस-डॉइट्स या ट्रक बनवणाऱ्या कंपनीला बायर्नच्या जर्सीवर आणलं होतं. त्या पैशाच्या आधारावर पॉल ब्राइटनर हा खेळाडू क्लबमध्ये परत आला. अमेरिकेतले लोक खेळाभोवती टोप्या, जर्सी, मग, काय काय विकतात ते पाहून त्याने ते इथे सुरू केलं. १९८४ मध्ये कार्ल-हाइन्झ रुमेनिगेला इंटर मिलानला विकलं, १ कोटी मार्कांच्या वर रक्कम आली आणि जुनं कर्ज मिटलं. आपला सगळ्यात मोठा तारा विकताना लोकांनी बोटं मोडली असणारच, पण त्यानंतर बायर्नला कर्जासाठी कुणाच्या दारात जावं लागलं नाही.

मग आलियान्झ अरीना. २००५ मध्ये सुरू झालं, खर्च सुमारे ३४ कोटी युरो, सुरुवातीला १८६० म्युनिक या दुसऱ्या क्लबबरोबर भागीदारीत. पुढच्याच वर्षी १८६० ची आर्थिक ओढाताण झाली आणि त्यांनी आपला हिस्सा बायर्नला १ कोटी १० लाख युरोला विकला. स्टेडियमचं कर्ज बायर्नने मुदतीच्या बरीच वर्षं आधी, २०१४ मध्येच फेडून टाकलं. त्यासाठी आदिदास, आउडी आणि आलियान्झ या तीन कंपन्यांना प्रत्येकी ८.३३ टक्के हिस्सा दिलाय. तिन्ही मिळून २५ टक्के. उरलेले ७५ टक्के आम्हा सभासदांच्या संस्थेकडे. तीन लाखांहून जास्त सभासद आहेत.

आणि सगळ्यात प्रसिद्ध म्हणजे त्याचं ‘फेस्टगेल्डकोंटो’. बँकेतलं मुदत ठेवीचं खातं. दुसरे क्लब कर्ज काढून खेळाडू घ्यायचे तेव्हा बायर्न आपल्या ठेवीतून घ्यायचा. जर्मनीत शाळकरी पोरालाही बायर्नच्या मुदत ठेवीबद्दल माहीत असतं.

पासबुक

क्लबची एफडी! माझ्या बाबांना फुटबॉलमधलं ओ की ठो कळत नाही, पण हा माणूस त्यांना नक्की आवडला असता. अंथरूण पाहून पाय पसरायचे, आणि वर अंथरूणही स्वतःच्या पैशाचं.

पिवळीभिंत

सगळे त्याला ओवाळायला लागण्याआधी बायर्नच्या प्रतिस्पर्ध्याच्या, माझ्या डॉर्टमुंड क्लबच्या बाजूने चार शब्द.

२००० मध्ये आमचा क्लब शेअर बाजारात गेला, भरमसाट खर्च केला, स्टेडियमसुद्धा विकावं लागलं आणि २००५ मध्ये दिवाळखोरी अगदी दारात येऊन उभी होती. त्याच्या थोडं आधी, पगाराला पैसे नव्हते तेव्हा, बायर्नने डॉर्टमुंडला २० लाख युरो तारणाशिवाय दिले. हे होनेसने स्वतःच २०१२ मध्ये जाहीर केलं. मदत केली हे मान्य. पण केव्हा सांगितलं? आम्ही लागोपाठ दोनदा लीग जिंकून त्यांच्या नाकी नऊ आणले तेव्हा. केलेली मदत अशी चारचौघांत काढायची नसते.

आणि मग २०१३ चा एप्रिल. रिआल माद्रिदविरुद्ध आमची चॅम्पियन्स लीगची उपांत्य लढत, आणि आदल्या दिवशी सकाळी बातमी फुटते की मारिओ ग्योत्झं ३ कोटी ७० लाख युरोला बायर्नला चालला. आमच्याच अकादमीत वाढलेला पोरगा! त्या सामन्यात लेवान्डोव्स्कीने चार गोल ठोकले आणि मन थोडं हलकं झालं, तर पुढच्या वर्षी लेवान्डोव्स्कीही फुकटात तिकडेच. काही काळाने हुमेल्सही. एका हाताने जीव वाचवायचा आणि दुसऱ्या हाताने एकेक माणूस काढून न्यायचा, हाही होनेसच्याच कारभाराचा भाग आहे. तो लिहिल्याशिवाय धागा पुरा होणार नाही.

म्युनिककर_अनघा

@पिवळीभिंत, ग्योत्झंचं दुःख समजू शकते. पण त्याच्या करारात ठरावीक रकमेला सोडण्याचं कलम होतं आणि ते डॉर्टमुंडनेच लिहून दिलं होतं.

शिवाय मदत फक्त डॉर्टमुंडला केली नाही. हॅम्बुर्गचा सांक्ट पाउली हा क्लब २००३ मध्ये बुडायला आला होता. वर्षभरापूर्वी, फेब्रुवारी २००२ मध्ये, त्याच क्लबने जगज्जेत्या बायर्नला २-१ ने हरवून ‘जगज्जेत्यांना हरवणारे’ असे शर्ट छापले होते. तरी बायर्न तिथे जाऊन मदतीचा सामना खेळला आणि होनेस ‘तारणहार’ लिहिलेला त्यांचा शर्ट घालून उभा राहिला.

पिवळीभिंत

शर्ट घालून, कॅमेऱ्यासमोर. मी तेच म्हणतोय. :)

निळाशार_टेगर्नझे

१९८२ चा अपघात कुणीच काढला नाही, म्हणून लिहितो.

१७ फेब्रुवारी १९८२. पश्चिम जर्मनी-पोर्तुगाल मैत्रीपूर्ण सामना बघायला होनेस आणि त्याचे मित्र छोट्या विमानाने म्युनिकहून हानोफरला निघाले होते. हानोफरजवळ विमान कोसळलं. आत चौघे. होनेस मागच्या सीटवर झोपला होता. बाकीचे तिघे गेले, हा एकटा वाचला. रात्रीच्या अंधारात जखमी अवस्थेत भटकत असताना तो सापडला. काय घडलं ते त्याला आठवतही नव्हतं. वय तीस, मॅनेजर होऊन तीन वर्षं झालेली.

त्या वर्षी वसंतात जर्मन कपच्या अंतिम सामन्यात त्याचा धाकटा भाऊ डीटर डोक्याला रक्ताळलेलं बँडेज बांधून खेळला आणि हेडरने गोल केला. ते बँडेजवालं छायाचित्र जर्मनीत आजही छापतात. त्या घराने एकाच वर्षात काय काय पाहिलं असेल याचा विचार मनात येतोच.

शाकाहारी_स्ट्रायकर

हे खाटकाचं दुकान पुढे गेलं का नाही?

न्युर्नबर्गी_कांदेपोहे

गेलं तर! मी न्युर्नबर्गमध्येच राहतो. १९८५ मध्ये होनेसने भागीदारीत इथे सॉसेजचा कारखाना काढला. न्युर्नबर्गची सॉसेजं करंगळीएवढी बारीक असतात, विस्तवावर भाजतात आणि तीन-तीन एका पावात मोहरीची चटणी लावून देतात. थंडीत नाताळच्या बाजारात ती हातात धरली की आधी बोटं गरम होतात, मग पोट. होनेसच्या कारखान्याचा माल सुपरमार्केटच्या फ्रीजमध्ये पाकिटांतून मिळतो. मोठ्या साखळी दुकानांना घाऊक माल पुरवणं हा त्याचा मुख्य धंदा. गाठीला पैसा फुटबॉलपेक्षा या धंद्यातून जास्त आला असावा असा माझा कयास.

@शाकाहारी_स्ट्रायकर, तुमच्यासाठी बटाट्याची कोशिंबीर मिळते.

शाकाहारी_स्ट्रायकर

तीही चालेल. चाळीस रुपयांच्या वडापावाच्या बरोबरीची लागते का तेवढं सांगा.

न्युर्नबर्गी_कांदेपोहे

वडापावाच्या बरोबरीचं इथे काहीही नाही.

करसल्लागार

मूळ प्रश्नाकडे येतो, कारण खटल्याबद्दल बरेच जण ऐकीव लिहितात.

होनेसचं स्वित्झर्लंडमधल्या फोंटोबेल बँकेत खातं होतं. त्यात सुरुवातीचे पैसे आदिदासचे तेव्हाचे प्रमुख रोबेर लुई-द्रेफुस यांनी घातले होते, हे होनेसनेच सांगितलं. त्या पैशांवर तो परकीय चलनाचे सौदे करायचा. साधेसुधे नाही, रात्रंदिवस, हजारोंनी. फायद्यावरचा कर जर्मनीत भरला नाही. आदिदासने बायर्नमध्ये हिस्सा घेतला तोही याच काळात. दोन्हींचा संबंध नाही असं त्याचं म्हणणं आणि खटला फक्त कराचाच चालला. पण क्लबचा मॅनेजर क्लबच्याच भागीदाराकडून खासगी पैसे घेतो ही गोष्ट माझ्या पेशातल्या माणसाला खटकणारच.

जर्मनीत एक तरतूद आहे. पकडले जाण्याआधी तुम्ही स्वतःहून पूर्ण हिशोब मांडला आणि कर भरला तर शिक्षा टळते. ‘पूर्ण’ आणि ‘आधी’ हे दोन्ही शब्द महत्त्वाचे. स्वित्झर्लंड-जर्मनी करार झाला तर नाव न उघडता प्रकरण मिटेल या आशेवर अनेक जण होते. तो करार २०१२ च्या अखेरीस जर्मन संसदेच्या वरच्या सभागृहाने फेटाळला. त्यातच एका साप्ताहिकाचा पत्रकार स्विस खात्याच्या मागावर होता. जानेवारी २०१३ मध्ये होनेसने घाईघाईने कागद दाखल केले आणि ते अपुरे निघाले.

मार्च २०१४ मध्ये म्युनिकच्या न्यायालयात चार दिवस खटला चालला. आरोपपत्रात बुडवलेला कर ३५ लाख युरो. पहिल्याच दिवशी त्याच्या वकिलाने कबूल केलं की १ कोटी ८५ लाख. दुसऱ्या दिवशी कर खात्याच्या तपासनीस बाईंनी आकडा सांगितला २ कोटी ७२ लाख. निकालात तो २ कोटी ८५ लाख झाला. सरकारी वकिलांनी साडेपाच वर्षं मागितली होती, न्यायाधीश रूपर्ट हाइंडल यांनी साडेतीन दिली. दुसऱ्या दिवशी होनेसने जाहीर केलं की अपील करणार नाही, आणि क्लबची सगळी पदं सोडली. चान्सेलर मर्केल यांनीही त्या निर्णयाबद्दल आदर व्यक्त केला होता. २ जून २०१४ ला तो लांट्सबर्गच्या तुरुंगात दाखल झाला.

यातली एक गोष्ट मी माझ्या प्रत्येक उमेदवार पोराला सांगतो. ज्या माणसाने क्लबचा पैसा जन्मभर मुदत ठेवीत ठेवला, त्याने स्वतःचा पैसा सट्ट्यात घातला. दुसऱ्याच्या पैशाबाबत शहाणा असलेला माणूस स्वतःच्या बाबतीत शहाणा असेलच असं नाही.

रविवारचा_सामना

@करसल्लागार, फार नेमकं लिहिलंत. क्लबचा एक पैसाही यात नव्हता, हे त्याच्या बाजूने धरता येईल का?

करसल्लागार

क्लबचा पैसा नव्हता हे खरं. पण ज्या म्युनिक शहराचे रस्ते, भुयारी रेल्वे आणि पोलीस वापरून क्लबचे सामने होतात, ते करातूनच चालतात. तो पैसा बुडवला. माझ्या लेखी तो लहान गुन्हा नाही.

डेम्पोवेडा

मला तर यापेक्षा सभासदांच्या ७५ टक्क्यांचं आश्चर्य वाटतं. आमच्या गोव्यात डेम्पोने पाच वेळा राष्ट्रीय विजेतेपद मिळवलं. २०१६ मध्ये डेम्पो, साळगावकर आणि स्पोर्टिंग क्लब द गोवा तिन्ही आय-लीगमधून बाहेर पडले. महासंघाच्या धोरणावर त्यांचा राग होता आणि तो रागही रास्तच होता. पण आम्ही जे आयुष्यभर फातोर्ड्याच्या गॅलरीत बसलो, त्यांना कुणी विचारलं? आम्हाला बातमी पेपरात कळली. मुंबईच्या महिंद्रा युनायटेडचंही तसंच. २००६ चे राष्ट्रीय विजेते, आणि २०१० मध्ये संघ बंद.

जर्मनीत ५०+१ चा नियम आहे. मतांचा निम्म्याहून जास्त हिस्सा सभासदांच्या संस्थेकडेच हवा. लेव्हरकूझन, वोल्फ्सबुर्ग असे अपवाद आहेत, पण नियम टिकून आहे. होनेससारखा माणूस चांगला की वाईट यावर आपण वाद घालतोय. तिथल्या लोकांना त्यावर मत देता तरी येतं.

ताराबाईपार्क

@डेम्पोवेडा, मनातलं बोललात राव. कोल्हापुरात पाटाकडील, दिलबहार, खंडोबा, शिवाजी तरुण मंडळ, प्रॅक्टिस क्लब... हे सगळे पेठांतल्या तालमींचे आणि मंडळांचेच संघ. मालक कुणीच नाही, म्हणजे सगळेच मालक. शाहू स्टेडियमवर सामना असला की पेठ रिकामी. हरलो की रात्री कट्ट्यावर मंडळाच्या कारभाऱ्यांची खरडपट्टी काढायचा प्रत्येकाला हक्क. वर्गणीचा हिशोब फळ्यावर लिहून ठेवायची पद्धत आमच्या मंडळात आजही पाळतात.

पैसा मात्र नाही. पोरं चांगली निघतात, अनिकेत जाधव सतरा वर्षांखालच्या विश्वचषकात खेळला, पण त्यांना सांभाळायला गाठीला काही नसतं. एक होनेस आमच्याकडं हवा होता. स्विस खातं वगळून.

म्युनिककर_अनघा

@ताराबाईपार्क, कट्ट्यावरच्या खरडपट्टीवरून आठवलं. २००७ च्या नोव्हेंबरमधली बायर्नची वार्षिक सर्वसाधारण सभा जर्मनीत अजूनही सांगितली जाते. एका सभासदाने तक्रार केली की नव्या स्टेडियममध्ये मजा नाही, वातावरण थंड, बड्या लोकांच्या बॉक्समध्ये शॅम्पेन. होनेस लालबुंद होऊन ओरडला. आशय असा : वातावरणाला तुम्हीच जबाबदार आहात, आम्ही नाही. तुम्ही सात युरोत उभं राहून सामना बघता तो कुणाच्या जिवावर? बॉक्समधल्यांच्या खिशातून आम्ही पैसे काढतो म्हणून!

बोलण्याची पद्धत भयंकर होती, पण त्यातलं गणित खरं होतं. दक्षिण स्टँडमध्ये उभं राहून बघायचा अख्ख्या हंगामाचा पास साधारण १४० युरोला मिळायचा. इंग्लंडमध्ये तेवढ्यात दोन-तीन सामने होतात. चाहता म्हणजे दुभती गाय नव्हे, असं तो उघड म्हणायचा आणि तसं वागायचाही. माझ्यासारखी नवखी नोकरदार मुलगी बायर्नचा सामना मैदानात जाऊन बघू शकली ती त्या दरांमुळे.

सोसायटी_सेक्रेटरी

वार्षिक सर्वसाधारण सभेत ओरडणारा अध्यक्ष! आमच्या सोसायटीत पार्किंगवरून असंच झालं होतं, फक्त शॅम्पेन नव्हतं. अध्यक्ष मात्र पुढच्या वर्षी बिनविरोध निवडून आले. काम करणारा माणूस तापट असला तरी लोक चालवून घेतात, कारण दुसरं कुणी ते काम घ्यायला तयार नसतं.

ऑफसाइड_नाही

चालवून घेण्यालाही मर्यादा असते. २०१८ च्या ऑक्टोबरमध्ये होनेस आणि तेव्हा क्लबच्या कारभारात असलेला रुमेनिगे यांनी पत्रकार परिषद घेतली. रुमेनिगेने जर्मन राज्यघटनेचं पहिलं कलम वाचलं, माणसाची प्रतिष्ठा अभंग आहे, आणि पत्रकारांना बजावलं, आमच्या खेळाडूंवर असं लिहू नका. आणि त्याच बैठकीत होनेसने बायर्न सोडून गेलेल्या बेर्नात या खेळाडूबद्दल अर्वाच्य शब्द काढले. त्याच वर्षी जुलैमध्ये मेसुत ओझिलने वंशवादाचा आरोप करून राष्ट्रीय संघ सोडला, तेव्हा हा म्हणाला की ओझिल कित्येक वर्षं भिकार खेळतोय. विषय काय, हा बोलतोय काय! तुर्की वंशाच्या लाखो लोकांना त्या दिवशी काय वाटलं असेल?

आपला तो बाब्या आणि दुसऱ्याचं ते कार्टं, हा त्याचा कायमचा दोष. घरच्या माणसाचं सगळं पोटात घालणार आणि बाहेरच्याला फाडून खाणार. कतारच्या विमान कंपनीशी बायर्नच्या जाहिरात करारावरून सभासदांनी २०२१ च्या सभेत आवाज उठवला, तेव्हाही त्याला तो सभासदांचा हक्क वाटला नाही, बेशिस्त वाटली.

जुनी_रीळं

@ऑफसाइड_नाही, ओझिलबाबत पूर्ण सहमत. पण क्रिस्टोफ डाउमचं प्रकरणही बघा. २००० मध्ये डाउम राष्ट्रीय प्रशिक्षक होणार होता. त्याच्या खासगी आयुष्याबद्दल होनेस काहीतरी सूचक बोलला आणि सगळा देश होनेसवरच तुटून पडला. मग डाउमच्या केसांच्या तपासणीत कोकेन आढळलं आणि त्याचं ते पद गेलं. होनेसचं म्हणणं खरं निघालं. तरी ते बोलायची त्याची रीत मला आजही पटत नाही.

आता घरच्या माणसांबद्दल. गेर्ड म्युलर, राष्ट्रीय संघासाठी ६२ सामन्यांत ६८ गोल करणारा. खेळ संपल्यावर दारूत पुरता बुडाला होता. १९९१ मध्ये होनेस, बेकेनबाउअर आणि जुन्या सोबत्यांनी त्याला उपचाराला नेलं, बरा झाल्यावर क्लबच्या तरुण संघांकडे प्रशिक्षकाची नोकरी दिली. म्युलर त्यानंतर अनेक वर्षं त्या मैदानावर पोरांना गोल मारायला शिकवत होता. बायर्नचा खेळाडू सेबास्टियन डाइसलरला नैराश्य आलं, तेव्हा या विषयावर फुटबॉलमध्ये कुणी तोंड उघडत नव्हतं. होनेसने त्याला वेळ दिला, थांबला, आणि जानेवारी २००७ मध्ये डाइसलरने खेळ सोडायचं ठरवलं तेव्हा शेजारी बसून ते जाहीर केलं. डाइसलरचा जन्मदिवसही ५ जानेवारी. आणि तोही सत्ताविसाव्या वर्षीच थांबला.

पासबुक

हे डाइसलरचं माहीत नव्हतं. वाचून थांबलो.

पिवळीभिंत

म्युलर आणि डाइसलरबद्दल माझंही काही म्हणणं नाही. तिथे मान खाली घालायला हवी.

रविवारचा_सामना

चर्चा इतकी चांगली चाललीय की माझा प्रश्न मागे राहिला, तो पुन्हा पुढे आणतो. २०१६ मध्ये त्याला अध्यक्ष करणं योग्य होतं का?

सगळं वाचून माझं मत अधिकच पक्कं झालंय. जानेवारी २०१५ पासून तो दिवसा बायर्नच्या युवा विभागात काम करायचा आणि रात्री तुरुंगात परत जायचा. ते मला पटतं. शिक्षा भोगलेल्या माणसाला काम मिळायलाच हवं. तो युवा विभागातच राहिला असता, हवं तर मानद काहीतरी झाला असता, तर माझी काही हरकत नव्हती. पण अध्यक्ष, आणि त्यानंतर काही महिन्यांतच पर्यवेक्षक मंडळाचा प्रमुखही? समोर दुसरा उमेदवारच नाही अशा निवडणुकीत ९७ टक्के म्हणजे निवड कसली?

म्युनिककर_अनघा

मी वेगळं बघते. त्याने अपील केलं नाही, आत गेला, कर व्याजासकट भरला. अर्धी शिक्षा भोगून कायद्याप्रमाणे सुटला. कायद्याने त्याला पदावर बंदी घातली नव्हती. मग सभासदांनी का घालावी? शिक्षा संपल्यावरही ती चालूच ठेवायची असेल तर न्यायालय कशाला हवं?

आणि सभासद काही डोळे मिटून बसले नव्हते. नोव्हेंबर २०१८ च्या सभेत एका साध्या सभासदाने माइकवर येऊन त्याला तोंडावर सुनावलं, तो कारभार, ती पत्रकार परिषद, सगळं. सभागृहातून होनेसविरुद्ध आरोळ्याही उठल्या. वर्षभराने, १५ नोव्हेंबर २०१९ ला, त्याने पद सोडलं आणि हेर्बर्ट हाइनर अध्यक्ष झाले. निवडूनही त्यांनीच दिलं आणि सुनावलंही त्यांनीच.

करसल्लागार

अनघाताई, कायद्याने बंदी नव्हती हे बरोबर. पण अध्यक्ष म्हणजे ताळेबंदावर विश्वास ठेवा असं लोकांना सांगणारा माणूस. मी स्वतः ज्याच्या हिशोबात एवढी तफावत सापडली त्याला माझ्या एखाद्या अशिलाच्या संस्थेत खजिनदार करा असा सल्ला कधीही दिला नसता. माणूस म्हणून आदर ठेवला असता, जेवायला घरी बोलावलं असतं.

डेम्पोवेडा

जेवायला काय करणार, न्युर्नबर्गी सॉसेज?

करसल्लागार

बांगड्याची आमटी. तुमच्या गोव्याकडून मागवतो.

ऑफसाइड_नाही

२०१९ मध्ये पद सोडलं म्हणून तो गेला असं समजू नका. मानद अध्यक्ष आहे, पर्यवेक्षक मंडळावर राहिलाच. २७ मे २०२३ ला बायर्नने कोलोनमध्ये शेवटच्या मिनिटांत लीग जिंकली आणि त्याच दिवशी क्लबचा प्रमुख ऑलिव्हर कान आणि क्रीडा विभाग बघणारा सालिहामिजिच यांना काढल्याची बातमी आली. त्या निर्णयामागे होनेसचं वजन होतं हे जर्मनीत लपून नव्हतं. खुर्ची दुसऱ्याची, शब्द याचा. माझी खरी तक्रार तुरुंगाबद्दल नाहीच. चाळीसहून जास्त वर्षं एकाच माणसाच्या शब्दावर चाललेला क्लब त्याच्याशिवाय चालायला शिकत नाही, ही आहे.

म्युनिककर_अनघा

@ऑफसाइड_नाही, हा मुद्दा मात्र मला मान्य आहे. कानसारखा आमचा गोलकीपर क्लबचा प्रमुख होऊन आला तेव्हा वाटलं होतं आता नवी पिढी हातात घेईल. त्याला नीट वेळही मिळाला नाही. गेर्ड म्युलरला आणि डाइसलरला जो वेळ दिला, तो कानला का नाही, हे होनेसला कुणीतरी सभेत उभं राहून विचारायला हवं होतं.

ताराबाईपार्क

ताई, तुम्ही सभासद आहात. पुढच्या सभेला माइक तुमच्याच हातात असू दे. प्रश्न इथे मराठीत लिहा, जर्मन तुम्ही करालच.

म्युनिककर_अनघा

नाव नोंदवते. होनेस आता पंचाहत्तरीला टेकलाय, पण सभेला येतो आणि अजून लालबुंद होतो. कोल्हापुरी शब्द शक्यतो टाळेन.